वरचा मजला कुणाचा

मी, या इमारतीची मालकीण आणि तिच्या तळमजल्यावरची लाँड्री चालवणारी, विधवा, वय सत्तरीच्या पुढे, पूर्ण शुद्धीवर असताना हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहून ठेवत आहे. ते कोणाच्या धाकाने लिहिलेले नाही, कोणी कानात सांगितले म्हणून लिहिलेले नाही आणि कोणाच्या भिडेखातरही लिहिलेले नाही. भिडेचा शब्द वकीलबाईंच्या मसुद्यात नव्हता, तो मी आग्रहाने घातला. धाकाला मी कधी भीक घातली नाही, पण भिडेने मला जन्मभर वाकवले आहे.

माझे डोके ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. माझा धाकटा भाऊ हे वाचल्यावर पहिले वाक्य 'ताईला अलीकडे भ्रम होत होता' असेच म्हणणार, म्हणून ही खबरदारी. तो हे वाक्य डोळ्यांत पाणी आणून म्हणेल. त्या पाण्याकडे लक्ष देऊ नये.

कलम १. यापूर्वी मी केलेले मृत्युपत्र या लेखाने रद्द करीत आहे. त्यात मी या इमारतीचा वरचा मजला आमच्या ज्यू मंडळींच्या प्रार्थनालयाला कायमचा देऊन टाकला होता.

आमचे प्रार्थनालय म्हणजे काही घुमटाची वास्तू नव्हे. लग्नानंतर थोड्याच दिवसांत माझ्या पतींनी वरची लांब खोली मंडळींना वापरायला दिली, तीही तोंडी. बाके मंडळींची, धर्मग्रंथाच्या गुंडाळीचे कपाट मंडळींचे, भिंतीवरचे मागे पडणारे घड्याळ मंडळींचे. भिंती, छप्पर आणि जिना आमचा. लाँड्रीच्या बॉयलरचा पाइप त्याच खोलीच्या भिंतीतून वर जातो, त्यामुळे थंडीत इतरांचे दात वाजत असतील, आमची मंडळी उबेत प्रार्थना करतात. शनिवारी आमचा विश्रांतीचा दिवस, बॉयलर बंद. त्या दिवशी सगळे कोट घालून बसतात आणि प्रवचन आपोआप आटोपशीर होते.

पुरुषांची आणि बायकांची बाजू वेगळी करणारा पडदा मी शिवलेला, मीच धुतलेला. जिन्यावरचा दिवा बदलायचा तोही मीच. हे उपकार म्हणून मांडत नाही. ती खोली माझ्या घराचा भाग होती आणि ती माणसे माझी होती, एवढेच सांगायचे आहे.

कलम २. माझे दफन आमच्या रीतीप्रमाणे, होता होईल तो त्याच दिवशी करावे. कफन मी शिवून, धुऊन, इस्त्री करून कपाटाच्या वरच्या फळीवर ठेवले आहे. खळ घातलेली नाही, आयुष्यभर इतरांच्या कॉलरना घातली तेवढी पुरे. मला शेवटचे स्नान घालायला बायकांच्या मंडळातल्या ज्यांना यायचे असेल त्या साऱ्या याव्यात. भावजय आली तर तिला अडवू नये. ती भली बाई आहे. फक्त तिने नवऱ्याचा निरोप घेऊन येऊ नये.

कलम ३. लाँड्री, म्हणजे बॉयलर, वाफेच्या दोन्ही इस्त्र्या, पिळणयंत्र, हँगरच्या सळया, काउंटर आणि गिऱ्हाइकांचा लोभ, हे सारे माझ्या इस्त्रीवाल्या बाईला मिळावे. ती आमच्या धर्माची नाही. माझ्या मुलीवर बेतले तेव्हा या इमारतीत माझ्यासाठी भांडलेली ती एकटीच. तिची सूनबाई काउंटरवर बसायला तयार आहे, तर बसू द्यावी, पण डाग विचारल्याशिवाय कपडा घेऊ नये हे तिला शिकवावे. गिऱ्हाईक 'काही नाही, पाणी सांडलं' म्हणते तेव्हा ते पाणी कधीच नसते. डाव्या बाजूच्या इस्त्रीची झडप अर्धीच उघडायची, हे बाईला माहीत आहे. तिच्यानंतर येणाऱ्याला माहीत नसेल म्हणून इथे नोंदवते.

जागेचे भाडे तिने माझ्या मुलीला द्यावे. किती, ते दोघींनी बसून ठरवावे. दोघीही माझ्याहून शहाण्या आहेत.

कलम ४. मागच्या सळईवर गिऱ्हाइकांनी परत न नेलेले कपडे आहेत. ज्यांच्यावर नावाची चिठ्ठी आहे त्यांना एकदा निरोप धाडावा, बाकीचे गरजूंना द्यावेत. त्यातला करड्या रंगाचा लांब कोट माझ्या जावयाचा आहे. तो त्याला परत करावा. धुतलेला आहे. मी कुणाचा कपडा मळका परत केलेला नाही, त्याचाही करणार नाही.

कलम ५. मुलीच्या हक्काविषयी लिहिण्याआधी तिची हकीकत लिहिणे भाग आहे, कारण हे ज्या अधिकाऱ्यापुढे जाईल त्याला आमचे नियम ठाऊक असतीलच असे नाही.

मला एकच मूल, ही मुलगी. दातांच्या दवाखान्यात साचे करते. तिच्या हातचा दात खरा कोणता आणि केलेला कोणता हे तोंडवाल्यालाही कळत नाही. तिचे लग्न आमच्या प्रार्थनालयातल्या वाचकाशी झाले. धर्मग्रंथाची गुंडाळी उघडून सुरात, एकही अक्षर न चुकता वाचणारा आमच्यात तो एकटा. बोलणे असे गोड की माझ्या पतींनाही पहिल्या भेटीत तो आवडला, आणि त्यांना सहसा कोणी आवडत नसे. घरात मात्र तो गोडवा दाराबाहेर चपलांबरोबर काढून येई. त्याचे वर्णन मी करणार नाही, मुलीने बजावले आहे. ती परत आली तेव्हा तिचा एक कान काही दिवस ऐकत नव्हता, एवढे लिहिले म्हणून ती रागावली तर रागावो.

सरकारी कोर्टाने घटस्फोट दिला. पण आमच्या धर्मात तेवढ्याने स्त्री मोकळी होत नाही. नवऱ्याने आपल्या राजीखुशीने, धर्मपीठापुढे, लेखनिकाकडून त्या दोघांसाठीच हाताने लिहून घेतलेली सोडचिठ्ठी बायकोच्या हातात ठेवावी लागते. तो ती ठेवत नाही तोवर ती त्याचीच बायको. तिने दुसरे लग्न केले तर तिच्या होणाऱ्या मुलांवर कायमचा डाग लागतो, त्यांना आमच्यात कोणी मुलगी देत नाही की मुलगा. आणि जावयाने सांगितले, 'मी नाही म्हणत नाही, पण घाई काय आहे?' त्याची घाई नसण्याला आता सहा वर्षे होत आली.

'मग धर्म सोड आणि हो मोकळी,' असे मुलीला म्हणणारे पुष्कळ भेटले. ती म्हणते, "धर्म माझाही आहे. मी का सोडू? त्यानं सोडावं मला." मला तिचे म्हणणे पटते. धर्माने आम्हाला फसवलेले नाही. अशा नवऱ्यावर धर्मातच एक जुना इलाज आहे. त्याला मारायचे नाही, कोंडायचे नाही, कारण जबरदस्तीने लिहवलेली सोडचिठ्ठी बाद ठरते. पण समाजाने त्याच्यापासून दूर राहायचे. त्याच्याशी व्यवहार नाही, त्याला घरी बोलावणे नाही, आणि मुख्य म्हणजे त्याला दहांत मोजायचे नाही. आमची सामुदायिक प्रार्थना दहा प्रौढ पुरुष जमल्याशिवाय होत नाही. बायका कितीही असल्या तरी त्या मोजणीत येत नाहीत. ज्याला त्या दहांत जागा नाही तो आमच्यात असून नसल्यासारखा.

हा इलाज करायचा असे वरच्या खोलीत ठरले. बाहेरगावाहून येणाऱ्या रब्बींनी, म्हणजे आमच्या धर्मगुरूंनी, परवानगी वाचून दाखवली आणि प्रत्येक पुरुषाने उभे राहून 'होय' म्हटले. सगळ्यांत आधी आणि सगळ्यांत मोठ्याने म्हणाला माझा भाऊ. तो मंडळींचा अध्यक्ष. म्हणाला, "ती माझी भाची आहे. ती सुटेपर्यंत तो या खोलीत माणूस नाही." मी पडद्यामागे रडले. त्या दिवशी मला माझ्या माणसांचा जितका अभिमान वाटला तितका आधी कधी वाटला नव्हता, आणि तीच आठवण आता सर्वांत जास्त सलते.

इलाज लागू पडला. सुटे भाग विकण्याचे त्याचे दुकान, तिथली निम्मी गिऱ्हाइके आमची, ती थांबली. प्रार्थनेच्या वेळी तो समोरच्या फुटपाथवर येऊन उभा राही. वाफेने धुरकटलेल्या काचेतून मी त्याला बघत असे. वरून प्रार्थनेचा आवाज येई, कोणीतरी अडखळत वाचत असे, आणि तो खाली उभा राहून ओठ हलवी. खोटे का बोलू, मला त्याची कीवही आली. हिवाळा संपता संपता त्याने निरोप पाठवला की देतो. धर्मपीठाचा दिवस ठरला. लेखनिकाला सांगून झाले. मुलीने त्या दिवशी घालायचा साधा करडा पोशाख स्वतः इस्त्री केला, मला हात लावू दिला नाही.

त्याच्या दोनच दिवस आधी माझ्या पतींचा स्मृतिदिन होता.

माझे पती गेले तेव्हा त्यांचे शेवटचे शब्द 'तिचं झालं का?' हेच होते. मी 'होतंय' म्हणाले. स्मृतिदिनाला मृताच्या नावाने कद्दीश म्हणतात. ती देवाच्या स्तुतीची प्रार्थना, पण दहा पुरुष हवेतच. मुलगा नसल्याने माझा भाऊ म्हणणार होता. मी पडद्यामागे शेवटच्या बाकावर बसले होते, मुलगी कामावरून यायची होती. आमच्यात माणसांना सरळ आकडा लावून मोजत नाहीत, म्हणून 'एक नाही, दोन नाही' असे म्हणत मोजायची रीत आहे. भाऊ मोजत होता. 'नऊ नाही' म्हणून तो थांबला. औषधवाले काका गुडघ्याच्या शस्त्रक्रियेमुळे घरी पडून होते. कुजबुज झाली. कोणीतरी जिना उतरून गेले. जिन्यावर पावले परत वाजली, या वेळी दोघांची. मला वाटले, काकांना खांद्याचा आधार देऊन आणले. मनात म्हटले, किती चांगली माणसे आहेत ही. मग भाऊ म्हणाला,

"दहा नाही. चला, सुरू करा."

त्याने कद्दीश सुरू केले. पहिल्या ओळीनंतर सगळ्यांनी आमेन म्हणायचे असते. ते म्हणाले, आणि त्यात तो आवाज होता. गोड, सुरातला, सगळ्यांच्या वर तरंगणारा. मी पडदा बाजूला केला. माझ्या भावाच्या खांद्याला खांदा लावून जावई उभा होता आणि माझ्या नवऱ्याच्या नावाच्या प्रार्थनेला आमेन म्हणत होता.

मी म्हणाले, "थांबा." कद्दीश मध्येच थांबवत नाहीत. भावाने माझ्याकडे न बघता हाताने खाली बस अशी खूण केली, आपण कुत्र्याला करतो तशी. त्यांनी ते शेवटपर्यंत म्हटले.

नंतर मी त्याला जिन्यात गाठले. तो म्हणाला, "ताई, भाऊजींसाठी केलं गं. त्यांचं कद्दीश चुकू द्यायचं होतं का?"

"औषधवाले काका दोन गल्ल्यांपलीकडे आहेत. तुम्हा नऊ जणांना पाय नव्हते? त्यांच्या खाटेभोवती उभं राहून म्हटलं असतंत."

"एवढं सुचलं नाही त्या वेळी."

"समोरच्या फुटपाथवर कोण उभं आहे ते बरं सुचलं?"

"एकाच प्रार्थनेपुरतं होतं, ताई. तू उगाच ताणतेस. परवा तो सही करणारच आहे."

तेवढ्यात जावई खाली आला. शाल घडी करून काखेत होती. मला वाकून म्हणाला, "आई, बाबांची फार आठवण आली आज." आणि गेला.

परवाचा दिवस उजाडला, तो आला नाही. लेखनिक म्हातारा, लांबून आलेला, बोरू आणि शाई मांडून बसला. मुलगी करड्या पोशाखात समोर. दुपार कलली तेव्हा लेखनिकाने बोरू पुसून डबीत ठेवला आणि मुलीला म्हणाला, "बाळ, घरी जा." जावयाने निरोप दिला होता, 'मंडळींनी मला मोजलं आहे, म्हणजे माझ्यावर त्यांचा राग नाही. मग ज्या गोष्टीसाठी राग होता तिची आता गरज काय?' पुढच्या शनिवारी तो वर बसून वाचत होता. ज्यांनी 'होय' म्हटले होते त्यांनी कानाडोळा केला. एकाने तर मला सांगितले, "मामी, पण वाचतो काय सुरेख!"

मुलीची वाट पाहत थांबलेला एक शिक्षक होता. तो आणखी थोडे दिवस थांबला, मग त्याच्या घरच्यांनी दुसरीकडे जमवले. त्याला मी बोल लावत नाही. त्याने कोणाला शब्द दिला नव्हता. ज्यांनी दिला होता त्यांच्याविषयी मी लिहीत आहे.

कलम ६. दर बुधवारी वरच्या खोलीत रब्बींची व्याख्यानमाला चालते, 'आजचे सामाजिक प्रश्न आणि आपला धर्म'. तिची पाटी माझ्याच शटरला टांगलेली असते. मी आजवर एकही बुधवार चुकवला नाही, कारण चहा मी करते. रब्बी विद्वान आहेत आणि मनापासून बोलतात हे मान्य केलेच पाहिजे. मजुराची मजुरी त्याच दिवशी द्यावी यावर बोलले, तेव्हा इस्त्रीवाल्या बाईला वर बोलावून मी ते ऐकवले. म्हातारपणातला एकटेपणा, अवयवदान, मोबाइलवरची निंदानालस्ती, प्लॅस्टिकचा कचरा, एकही प्रश्न त्यांनी सोडवल्याशिवाय सोडला नाही. प्रत्येकावर आमच्या ग्रंथांत उत्तर आहे आणि ते रब्बींना पाठ आहे. ऐकताना मलाही वाटे, केवढी श्रीमंत आहे ही विद्या, आणि आपण हिच्या घरात जन्मलो.

स्मृतिदिनाच्या त्या प्रकारानंतर मी कपबश्या गोळा करताना त्यांना म्हणाले, "रब्बी, पुढच्या बुधवारी सोडचिठ्ठी अडवणाऱ्यांवर बोला."

ते म्हणाले, "बाई, विषय महत्त्वाचा आहे, पण नाजूक आहे. लोक दुखावतील."

"प्लॅस्टिकवर बोललात तेव्हा पिशवीवाले नाही दुखावले?"

ते हसले. मग गंभीर होऊन म्हणाले, "मी परवानगी दिली होती. पाळणं मंडळींच्या हातात होतं. नियम म्हणून त्याला मोजण्यात चूक काढता येत नाही, तो प्रौढ आहे आणि ज्यू आहे."

"आणि नियम म्हणून दिलेला शब्द मोडण्यात?"

त्यांनी घड्याळ पाहिले. त्यांची गाडी होती. पुढच्या बुधवारचा विषय निघाला 'कुटुंबातील सुसंवाद'. मला वाटते, त्यांनी खरोखरच तो आमच्यासाठी निवडला असावा, आणि म्हणूनच मला जास्त वाईट वाटले.

तरी रब्बींना मी रिकाम्या हाताने पाठवत नाही. चहाची मोठी किटली, कपबश्यांचे दोन्ही संच आणि ट्रे व्याख्यानमालेला द्यावेत. चहा त्यांनी आपला आपण करावा.

कलम ७. माझ्या धाकट्या भावाविषयी. आई गेली तेव्हा तो नुकताच चालायला लागला होता आणि मीही काही मोठी नव्हते. त्याला मी पोटच्या पोरासारखे वाढवले. शाळेतून येताना तो पडला तरी आधी माझ्याकडे बघे आणि मग रडायचे की नाही ते ठरवी. जावयाने मला फसवले असे मी म्हणणार नाही. तो जसा आहे तसाच वागला. केसाने गळा कापला तो भावाने. आणि कापताना 'तुझ्याच भल्यासाठी' म्हणाला. परक्या माणसाने एवढे केले असते तर मी चार शिव्या हासडून विसरले असते.

त्याला बायकांच्या बाजूचा पडदा द्यावा. तो माझ्या मालकीचा आहे. कापड उत्तम आहे, धुतल्यावर आटत नाही. त्याने तो आपल्या दिवाणखान्यात लावावा आणि कधीमधी मागच्या बाजूला बसून पाहावे की तिथून काय दिसते आणि काय फक्त ऐकू येते.

याउपर त्याला काही नाही. माझ्याविषयी त्याने सभेत चार शब्द बोलू नयेत. त्याला चांगले बोलता येते, म्हणूनच.

कलम ८. माझ्या नावाने कद्दीश म्हणताना दहांत माझा जावई असेल, आणि तोवर त्याने सोडचिठ्ठी दिलेली नसेल, तर ते म्हणू नये. नऊच जमले तर नऊ जणांनी घरी जावे. मी देवापुढे विनाशिफारस जाईन. मुलीला म्हणावेसे वाटले तर तिने एकटीने, खाली लाँड्रीत उभे राहून म्हणावे. ते कद्दीश धरले जाते की नाही याचा खल पुरुषांनी वर बसून करावा.

कलम ९. इमारत, तिची जमीन, मागची मोरी, जिना, गच्ची आणि वरचा मजला यांविषयी.

मागच्या महिन्यात भाऊ दुकानात आला. बऱ्याच दिवसांनी आला होता. हँगर सरळ करत उभा राहिला, लहानपणी काही मागायचे असले की करायचा तसा. मग म्हणाला, "ताई, मार्ग निघालाय. तो सोडचिठ्ठी द्यायला तयार आहे. त्याची एवढीच अट आहे की वरचा मजला त्याच्या नावावर कर. प्रार्थनालय तिथंच चालू ठेवीन असं तो लिहून देतो. सगळ्यांचंच भलं होईल. पोर सुटेल, मंडळींची जागा राहील."

"आणि त्याला मजला मिळेल."

"काहीतरी द्यावं लागतंच ना."

मी त्याला म्हणाले, "मला एक सांग. मी नाही म्हटलं, आणि उद्या वर नऊच जण जमले, आणि तो फुटपाथवर उभा असला, तर तू त्याला पुन्हा बाहेर ठेवशील? पहिल्यासारखं? ती सुटेपर्यंत?"

त्याने आणखी एक हँगर सरळ केला. हँगर सळईला अडकवला. मग म्हणाला, "ताई, वाचणारा दुसरा आहे कोण आपल्याकडे?"

मला त्या क्षणी राग आला नाही. फार थकल्यासारखे झाले. माझी मुलगी आणि एका माणसाचा सूर, यांत त्याने कधीच निवड करून टाकली होती, आणि ती किती सहज केली होती हे त्याला स्वतःलाही कळलेले नव्हते. मी त्याला पाणी दिले. तो प्यायला आणि गेला.

मी मजला देणार होते. हे स्पष्टच लिहिते. भाऊ गेल्यावर मी वकीलबाईंना बोलावणे धाडले ते मजला जावयाच्या नावावर करायला. विटाच त्या, माझ्या लेकीपेक्षा का जास्त आहेत? पण संध्याकाळी मुलीला सांगितले तेव्हा तिने हातातले ताट खाली ठेवले.

"आई, तू देऊ नकोस."

"अगं, तू सुटशील."

"लग्न तुम्ही ठरवलंत. परत आले तेव्हा मला ठेवायचं की नाही हे मामानं आणि बाबांनी ठरवलं. त्याला मोजायचं नाही हे दहा जणांनी ठरवलं, मोजायचं हेही त्यांनीच ठरवलं. आता तू सौदा ठरवणार. मला कोणी विचारलंय का एकदा तरी?"

मग ती म्हणाली, "द्यायचाच असेल तर मी देईन. नाही द्यायचा तर मी नाही देणार. पण ते माझ्या हातून होऊ दे."

म्हणून मी असे लिहून ठेवते की ही संपूर्ण इमारत, वरच्या मजल्यासह, माझ्या पश्चात माझ्या मुलीच्या एकटीच्या मालकीची होईल. तीवर माझ्या भावाचा, जावयाचा, प्रार्थनालयाचा किंवा त्याच्या मंडळाचा कोणताही हक्क, वहिवाट वा दावा राहणार नाही. माझ्या पतींनी तोंडी दिलेली परवानगी माझ्याबरोबर संपेल. वकीलबाईंनी विचारले, 'काही अट घालायची?' एकही नाही. मजला देऊन तिने सोडचिठ्ठी घ्यावी, मंडळींना कुलूप दाखवावे, त्यांना पूर्वीसारखेच वर येऊ द्यावे, तिथे दातांच्या साच्यांचे काम थाटावे, जे करेल ते. तिने मजला जावयाला दिला तर ती हरली असे कोणी म्हणू नये. तिने मंडळींना बाहेर काढले तर ती धर्मबुडवी असे कोणी म्हणू नये. म्हणणाऱ्याने आधी आपण कोणत्या दिवशी 'होय' म्हटले होते ते आठवावे.

तिने काय करावे याविषयी माझे मत आहे, चांगले ठाम आहे. ते मी लिहिणार नाही. ज्या कोणाला वरच्या मजल्यात प्रार्थना करायची असेल त्याने खाली येऊन, काउंटरसमोर उभे राहून, तिला विचारावे.

या मृत्युपत्राची अंमलबजावणी वकीलबाईंनी करावी. यातली प्रत्येक ओळ मी वाचून, समजून, पुन्हा वाचून सही करीत आहे. दोन्ही साक्षीदार माझ्या समोर आणि एकमेकींच्या समोर सह्या करीत आहेत. दोघीही स्त्रिया आहेत. माझ्या मुलीच्या सोडचिठ्ठीवर या दोघींची साक्ष चालली नसती. या कागदावर चालते, हे मी वकीलबाईंना दोनदा विचारून खात्री करून घेतले आहे.

लिहून ठेवणारी : (सही) लाँड्रीवाली

साक्षीदार पहिली : (सही) दातांच्या डॉक्टर, मुलगी जिथे काम करते तो दवाखाना

साक्षीदार दुसरी : (सही) शेजारच्या वह्या-पुस्तकांच्या दुकानाच्या मालकीणबाई

ठिकाण : लाँड्री, कपडे घेण्याचा काउंटर

दिनांक : नोंदणी कार्यालयाच्या शिक्क्याप्रमाणे. वार बुधवार, व्याख्यान वर चालू असताना.